घटक ४ : पाहणारा, पाहिलेले आणि पाहणे – ज्ञानदेवांच्या ग्रंथांतील प्रकाश, प्रतीती आणि संस्कार

४.१ उद्दिष्टे

हा घटक अभ्यासल्यानंतर आपल्याला :
• ‘चांगदेव पासष्टी’ आणि ‘अमृतानुभव’ या ग्रंथांचे स्वरूप सांगता येईल.
• द्रष्टा, दृश्य आणि दर्शन या त्रिपुटीचा अर्थ आरशाच्या दृष्टांताच्या आधारे स्पष्ट करता येईल.
• संस्कार व वासना या संकल्पना भारतीय दर्शनांत कशा आल्या आहेत, ते सांगता येईल.
• अज्ञानखंडनामागील युक्तिवाद मांडता येईल.
• मागे राहिलेल्या संस्काराचे काय करावयाचे, या प्रश्नाला ज्ञानदेवांनी दिलेल्या उत्तराचे मूल्यमापन करता येईल.

४.२ प्रास्ताविक

विद्यार्थी मित्रहो, मागील घटकात आपण ‘ज्ञानेश्वरी’चा परिचय करून घेतला. ती गीतेवरील टीका असल्यामुळे तेथे ज्ञानदेवांच्या विचाराला मूळ ग्रंथाची चौकट होती. या घटकात ज्या दोन ग्रंथांचा विचार करावयाचा आहे, त्यांना अशी चौकट नाही. ते ज्ञानदेवांचे स्वतंत्र ग्रंथ आहेत. प्रकाश म्हणजे काय, पाहणे कसे घडते आणि पाहून झाल्यावर मागे काय उरते, या प्रश्नांचा विचार त्यांत मराठी भाषेतून आणि ओवीच्या छंदात झाला आहे.

हे प्रश्न केवळ पोथीतले नाहीत. आपल्यापैकी अनेक जण पिंपरी, भोसरी, चाकण या औद्योगिक पट्ट्यात काम करून शिक्षण घेत आहेत. वेल्डिंगची ठिणगी चुकून उघड्या डोळ्यांनी पाहिली गेली, तर डोळे मिटल्यावरही एक ठिपका तरंगत राहतो, हे कारखान्यातील माणसाला सांगावे लागत नाही. रात्रपाळी संपवून घरी आल्यावर यंत्राची घरघर बराच वेळ कानात राहते. वर्षांपूर्वी कोणी केलेला अपमान त्याहूनही अधिक काळ राहतो. वस्तू समोरून गेली, प्रकाश विझला, आवाज थांबला; तरी काहीतरी मागे राहिले. या मागे राहिलेल्या गोष्टीला आपल्या दर्शनांनी ‘संस्कार’ किंवा ‘वासना’ असे म्हटले आहे.

या औद्योगिक पट्ट्याला लागूनच, इंद्रायणीच्या काठी आळंदी आहे. शके १२१८ मध्ये, म्हणजे इ. स. १२९६ मध्ये, कार्तिक वद्य त्रयोदशीला ज्ञानदेवांनी तेथे समाधी घेतली. ज्या प्रश्नाचा अनुभव आपण कामाच्या जागी घेतो, त्याचा सखोल विचार आपल्या शेजारच्या गावाशी नाते असलेल्या कवीने केला आहे, हे लक्षात ठेवून या घटकाकडे वळू.

४.३ विषय-विवेचन

४.३.१ दोन ग्रंथांचा परिचय

‘चांगदेव पासष्टी’ हा पासष्ट ओव्यांचा छोटा ग्रंथ आहे. त्याच्या निर्मितीची कथा परंपरेने जपली आहे. चांगदेव हे चौदाशे वर्षे जगलेले योगी, अशी त्यांची ख्याती होती. ज्ञानदेवांची कीर्ती ऐकून त्यांनी पत्र लिहावयास घेतले; पण मायना काय लिहावा, हे त्यांना ठरवता येईना. वयाने लहान म्हणून आशीर्वाद लिहावा, तर अधिकार मोठा. अधिकार मोठा म्हणून नमस्कार लिहावा, तर वय लहान. अखेर त्यांनी कोरा कागद पाठविला. तो पाहून चौदाशे वर्षे जगूनही चांगदेव कोरेच राहिले, असे मुक्ताबाई म्हणाल्या आणि निवृत्तिनाथांच्या सांगण्यावरून ज्ञानदेवांनी त्या कोऱ्या पत्राला जे उत्तर दिले, ते ‘पासष्टी’. पुढे चांगदेवांनी मुक्ताबाईंना गुरू मानले.

ही कथा ऐतिहासिक पुरावा म्हणून वाचावयाची नसून ग्रंथाची किल्ली म्हणून वाचावयाची आहे. ‘मी मोठा की तू मोठा’ हे ठरविल्याशिवाय चांगदेवांना बोलता येत नव्हते. ‘मी’ आणि ‘तू’ हा भेदच मुळात कसा उभा राहतो, हे उत्तरात सांगितले आहे.

‘अमृतानुभव’ हा दहा प्रकरणांचा, सुमारे आठशे ओव्यांचा ग्रंथ आहे. ‘अनुभवामृत’ असेही त्याचे नाव आहे. शिव-शक्तीच्या ऐक्यापासून त्याचा आरंभ होतो. पुढे गुरुस्तवन, वाचेचे ऋण, ज्ञान-अज्ञानाचा भेद, सत्-चित्-आनंद या तीन पदांचे विवरण, शब्दखंडन, अज्ञानखंडन, ज्ञानखंडन, जीवन्मुक्ताची दशा असा क्रम असून शेवटी ग्रंथपरिहार आहे. यांपैकी सातवे, अज्ञानखंडनाचे प्रकरण सर्वांत दीर्घ आहे.

४.३.२ आरसा आणि मुख : त्रिपुटीचा विचार

पाहण्याच्या क्रियेत आपण सहज तीन गोष्टी मानतो. पाहणारा तो द्रष्टा, पाहिले जाते ते दृश्य आणि या दोहोंना जोडणारी पाहण्याची क्रिया ते दर्शन. या तिघांना मिळून ‘त्रिपुटी’ म्हणतात. या तीन गोष्टी खरोखर तीन आहेत काय, असा प्रश्न ‘पासष्टी’ उपस्थित करते.

त्यासाठी ज्ञानदेव आरशाचा दृष्टांत देतात. आपले मुख आरशात दिसते, तेव्हा मुख पाहणारे आणि मुख पाहिले जाणारे असे दोन झाले, असे वाटते. परंतु आरसा समोर येण्यापूर्वी मुख नव्हते काय? ते होतेच. आरशाने मुख निर्माण केले नाही. मुखाला मुखाचे दर्शन घडविले, एवढेच. आरसा बाजूला केला, तर दर्शन थांबते. मुखात मात्र काही उणे होत नाही. जग हे अशा आरशासारखे आहे. एकच ज्ञानस्वरूप वस्तू स्वतःच दृश्य होते, स्वतःच द्रष्टा होते आणि या दोन्ही रूपांनी स्वतःलाच भेटते.

येथे एक बारकावा ध्यानात घ्यावा. प्रतिबिंब खोटे आहे, म्हणून ते टाकून द्या, असा या दृष्टांताचा रोख नाही. सोने अलंकार झाले, तरी सोनेपणात उणे येत नाही. पाणी लाट झाले, तरी पाणीच असते. त्याप्रमाणे जगाच्या रूपाने प्रकटल्यामुळे मूळ वस्तू झाकली जात नाही. ग्रंथाच्या शेवटाकडे मिठाचा दृष्टांत येतो. पाण्याचा ठाव घेण्यासाठी मीठ पाण्यात उतरले. ते स्वतःच उरले नाही, मग मोजणार कोण आणि काय? चांगदेव आणि ज्ञानदेव यांची भेट अशीच आहे. कोऱ्या कागदावर मायना लिहिण्याचे कारणच येथे संपते.

स्वयं-अध्ययनासाठी प्रश्न – १
योग्य पर्याय निवडा.
(अ) ‘चांगदेव पासष्टी’तील ओव्यांची संख्या : ५६ / ६५ / ७५
(आ) द्रष्टा, दृश्य व दर्शन यांना मिळून म्हणतात : त्रिगुण / त्रिपुटी / प्रस्थानत्रयी
(इ) ‘अमृतानुभवा’तील सर्वांत दीर्घ प्रकरण : शब्दखंडन / अज्ञानखंडन / ज्ञानखंडन

४.३.३ मागे राहणारा ठसा : संस्कार आणि वासना

ज्ञानदेवांचे वेगळेपण कळण्यासाठी त्यांच्या पूर्वीची विचारपरंपरा थोडक्यात पाहणे आवश्यक आहे.

वैशेषिक दर्शनात संस्कार हा एक गुण मानला असून त्याचे तीन प्रकार सांगितले आहेत. सुटलेल्या बाणाला पुढे नेतो तो वेग. वाकविलेली फांदी सोडताच तिला मूळ जागी आणतो तो स्थितिस्थापक. आणि अनुभव संपल्यावर आत्म्यात राहून पुढे स्मृतीला जन्म देते ती भावना. बाण, फांदी आणि आठवण यांना एकाच नावाखाली आणणारी ही दृष्टी विचार करण्यासारखी आहे. कारण संपले, तरी त्याचा परिणाम चालू राहतो, हे या तिन्हींत समान आहे.

योगदर्शनात या कल्पनेला साधनेच्या दृष्टीने महत्त्व आले. पतंजलींच्या मते चित्ताच्या वृत्ती संस्कार निर्माण करतात आणि संस्कार पुन्हा वृत्ती निर्माण करतात. समाधीतील प्रज्ञेचा संस्कार इतर संस्कारांना अडवितो. पण शेवटी त्याचाही निरोध व्हावा लागतो, तेव्हाच निर्बीज समाधी साधते. येथे दिशा स्पष्ट आहे : ठसे पुसावयाचे आहेत, अगदी चांगला ठसाही.

‘वासना’ या शब्दात राहण्याचा अर्थ आहे, तसाच वासाचाही. फुले काढून घेतली, तरी करंडीला त्यांचा वास राहतो. गीतेच्या पंधराव्या अध्यायात वारा जसा फुलांपासून गंध घेऊन जातो, तसा जीव एका देहातून दुसऱ्या देहात जाताना मन व इंद्रिये बरोबर नेतो, असे सांगितले आहे.

प्रकाशाचा या विषयाशी येणारा संबंध गौडपादांच्या कारिकांत आढळतो. त्यांच्या चौथ्या प्रकरणाचे नावच ‘अलातशांति’ असे आहे. अलात म्हणजे जळते कोलीत. ते अंधारात गरगर फिरविले, की अग्नीचे वर्तुळ दिसते. दिवाळीत फुलबाजी फिरविणाऱ्या मुलाला हे ठाऊक असते. वर्तुळ कोलितातून बाहेर पडत नाही आणि कोलीत थांबले, की कोठे निघूनही जात नाही. आधुनिक शरीरशास्त्राच्या भाषेत सांगावयाचे, तर प्रकाशाची संवेदना प्रकाश गेल्यावरही क्षणभर टिकते. त्यामुळे एकामागून एक आलेले बिंदू सलग रेषा भासतात. तांबडी वस्तू टक लावून पाहून पांढऱ्या भिंतीकडे पाहिले, तर हिरवट-निळसर आकृती दिसते. भिंतीवर ती नसते. तांबड्या प्रकाशाने थकलेल्या डोळ्याची ती प्रतिक्रिया असते. गौडपादांनी हे उदाहरण अर्थातच शरीरशास्त्रासाठी दिलेले नाही. विज्ञानाच्या स्पंदनामुळेच ग्राहक आणि ग्राह्य असा भेद भासतो, हे त्यांना दाखवावयाचे आहे.

४.३.४ अज्ञान मेले, तरी ज्ञान होऊन उठते

आता ‘अमृतानुभवा’कडे परत येऊ. अज्ञान नाहीसे झाले, की सर्व झाले, असे सामान्यतः मानले जाते. ज्ञानदेवांना येथेच शंका येते. तिसऱ्या प्रकरणात ते म्हणतात, की परा, पश्यंती, मध्यमा व वैखरी या चारही वाचा जीवाला अज्ञानातून जागे करतात, हे त्यांचे उपकार खरे. परंतु अविद्या नष्ट होताना ज्ञानाच्या रूपाने शिल्लक राहते. ‘मला कळले’ ही जाणीव हे तिचेच अवशिष्ट रूप होय. ज्ञानही बंधन ठरू शकते, या मताला आधार म्हणून त्यांनी शिवसूत्रांचा उल्लेख केला आहे. काश्मीर शैव परंपरेतील या ग्रंथाचा उल्लेख मराठी ग्रंथात यावा, ही अभ्यासकांच्या दृष्टीने महत्त्वाची बाब आहे.

म्हणजे ज्ञान हाच अज्ञानाचा शेवटचा ठसा होय. येथपर्यंत ज्ञानदेव पतंजलींच्या जवळ वाटतात. कारण चांगला संस्कारही उरता कामा नये, असे पतंजलीही म्हणतात. परंतु पुढील मार्ग वेगळा आहे. पतंजली ठसा पुसण्याची साधना सांगतात. ज्ञानदेव ठसा उमटला कशावर, असे विचारतात.

४.३.५ मिठाची मासोळी : अज्ञानखंडनाचा युक्तिवाद

सातव्या प्रकरणातील युक्तिवादाचे मुख्य टप्पे पुढीलप्रमाणे मांडता येतील.

(१) अज्ञान आहे असे म्हटले, तर ते कोठे आहे? आत्मा ज्ञानस्वरूप आहे. ज्ञानात अज्ञान राहू शकत नाही. कारण दोन्ही परस्परविरोधी आहेत.
(२) ते ज्ञानाच्या बाहेर आहे म्हणावे, तर ज्ञानाशिवाय ते आहे हे कळणार कसे? यासाठी मिठाच्या मासोळीचा दृष्टांत येतो. मिठाची मासोळी पाण्यात ठेवली तर विरघळेल, पाण्याबाहेर ठेवली तर मासोळी म्हणून जगणार नाही.
(३) जग दिसते, या परिणामावरून अज्ञान हे कारण मानावे, तर तेही टिकत नाही. जे दिसते ते प्रकाशामुळे दिसते. दिसण्याला अंधाराचे कार्य कसे म्हणावे?
(४) म्हणून जे दिसते, ते वस्तूचीच प्रभा होय. त्या प्रभेने वस्तूलाच शोभा येते आणि तिचा लाभही वस्तूलाच होतो.

तिसरा टप्पा या प्रकरणाचा गाभा आहे. जगाचे दिसणे हा अज्ञानाचा पुरावा आहे, असे मानण्याची सवय ज्ञानदेव उलटी करतात. त्यांच्या मते दिसणे हाच प्रकाशाचा पुरावा होय. आठव्या प्रकरणात ते हाच न्याय ज्ञानालाही लावतात. ज्ञान आणि अज्ञान ही जोडी आहे. एक नसेल, तर दुसऱ्यालाही त्या नावाने उभे राहता येत नाही.

या विचाराला ‘चिद्विलास’ असे नाव दिले जाते. विश्व हा चैतन्याचा विलास आहे, त्यावरील आवरण नव्हे, असा त्याचा अर्थ. मात्र ज्ञानदेवांचे तत्त्वज्ञान शांकर अद्वैताहून वेगळे आहे की नाही, याविषयी अभ्यासकांत एकमत नाही. बा. पं. बहिरट यांनी ‘अमृतानुभवा’च्या आधारे चिद्विलासाची बाजू मांडली, तर शं. दा. पेंडसे यांनी ज्ञानदेवांना शांकर परंपरेशी जोडून पाहिले. परीक्षेत या प्रश्नाचे उत्तर लिहिताना दोन्ही मतांची नोंद करून नंतरच आपले मत द्यावे.

स्वयं-अध्ययनासाठी प्रश्न – २
एका वाक्यात उत्तरे लिहा.
(अ) वैशेषिकांनी संस्काराचे कोणते तीन प्रकार सांगितले आहेत?
(आ) ‘अलात’ म्हणजे काय?
(इ) मिठाच्या मासोळीच्या दृष्टांतातून काय सिद्ध होते?

४.३.६ संस्काराचे काय करावयाचे?

आता घटकाच्या आरंभीच्या प्रश्नाकडे वळू. जीवन्मुक्ताच्या मनात पूर्वीचे ठसे उरतात काय? तो पाहतो, ऐकतो, चाखतो. मग त्याच्यावर नवे ठसे उमटत नाहीत काय?

नवव्या प्रकरणाचा आरंभ या दृष्टीने वाचण्यासारखा आहे. तेथे सुगंधच नाक होतो, शब्दालाच कान फुटतात, आरसाच डोळा होऊन उठतो, चकोरच चंद्र होतो. विषय आणि इंद्रिय यांची जागा बदलते आणि बदलता बदलता दोन जागाच उरत नाहीत. अनुभव थांबलेला नाही. उलट तो सर्व इंद्रियांनी बहरला आहे. परंतु ठसा उमटण्यासाठी उमटविणारा आणि ज्यावर उमटतो तो, असे दोन लागतात. येथे दोन नाहीत. लाटेने पाण्यावर ओरखडा काढावा, तसा हा प्रकार आहे.

याच प्रकरणात भक्तीसाठी एक दृष्टांत आला आहे. एकाच डोंगरातून देव, देऊळ आणि परिवार कोरून काढता येतो. मग अद्वैतात भक्तीचा व्यवहार का होऊ नये? आपल्या परिसरातील विद्यार्थ्यांना हा दृष्टांत समजण्यासाठी वेरूळपर्यंत जाण्याची गरज नाही. देहूरोडच्या पुढे घोरावडेश्वराच्या डोंगरावर कोरीव लेणी आहेत. तेथील भिंत, खांब आणि छत वेगवेगळे आणून जोडलेले नाहीत. एकाच खडकातील काही भाग काढल्यावर जे राहिले, ते खांब आणि छत म्हणून दिसते. खांबाला खडकापासून वेगळे करता येत नाही, तरी खांब खोटाही नाही.

गौडपादांच्या कोलिताशी तुलना केली, तर भेद अधिक स्पष्ट होतो. ‘अलातशांति’ या नावातच कोलीत शांत होण्याकडे लक्ष आहे. ज्ञानदेवांच्या भूमिकेवरून असे म्हणता येईल, की वर्तुळ हेही अग्नीच आहे. ते अग्नीहून वेगळे आहे, ही समजूत गेली, की कोलीत फिरत राहिले तरी बाधा नाही. ही तुलना प्रस्तुत घटकाची मांडणी आहे, ‘अमृतानुभवा’तील विधान नव्हे, हे लक्षात ठेवावे.

४.३.७ एक आक्षेप आणि त्याचा विचार

या तत्त्वज्ञानावर एक गंभीर आक्षेप घेता येतो. सर्व काही प्रकाशाचाच विलास असेल, तर दुःख आणि अन्याय हेही विलासच काय? ज्याच्या मनावर उपेक्षेचा ठसा आहे, त्याला ‘ठसा उमटलाच नाही’ असे सांगणे म्हणजे त्याचे दुःख नाकारणे नव्हे काय?

हा आक्षेप सहज बाजूला सारता येणारा नाही. ‘अमृतानुभव’ हा सामाजिक अन्यायाचा विचार करणारा ग्रंथ नाही, हे प्रथम मान्य केले पाहिजे. मात्र दोन गोष्टी ध्यानात घ्याव्यात. पहिली गोष्ट अशी, की ग्रंथकार दुःखाला अपरिचित नव्हता. संन्याशाची मुले म्हणून या चार भावंडांना समाजाने दूर ठेवले आणि आईवडिलांना देहांत प्रायश्चित्त घ्यावे लागले, असे परंपरा सांगते. ग्रंथ आत्मचरित्र म्हणून वाचू नये. परंतु सुखवस्तू माणसाने केलेला हा शब्दविलास आहे, असे म्हणण्यास जागा राहत नाही. दुसरी गोष्ट अशी, की आठवण पुसून टाका, असे ज्ञानदेव कोठेही सांगत नाहीत. ‘माझ्यावर हा डाग पडला आहे आणि म्हणून मी डागाळलेला आहे’ या निष्कर्षाला ते हरकत घेतात. घटना घडली, हे खरे; तिने मूळ प्रकाश मळला, हे मात्र खरे नाही. अन्याय दूर करण्याचे काम या विधानाने संपत नाही. ते काम करणाऱ्या माणसाची स्वतःविषयीची समजूत मात्र बदलते. हे उत्तर पुरेसे आहे की नाही, याचा निर्णय प्रत्येक अभ्यासकाने स्वतंत्रपणे करावयाचा आहे.

४.४ सारांश

‘चांगदेव पासष्टी’त आरशाच्या दृष्टांताने त्रिपुटीचे ऐक्य दाखविले आहे. पूर्वीच्या दर्शनांनी अनुभवानंतर मागे राहणाऱ्या ठशाला संस्कार किंवा वासना म्हटले आणि योगदर्शनाने त्याच्या निरोधाचा मार्ग सांगितला. ‘अमृतानुभवा’त ज्ञान हाही अज्ञानाचा अवशेष ठरतो, त्यापुढे जाऊन अज्ञानाचे अस्तित्वच नाकारले जाते आणि जगाचे दिसणे ही वस्तूची प्रभा ठरते. जीवन्मुक्ताचा अनुभव थांबत नाही. अनुभव घेणारा आणि अनुभविले जाणारे यांतील दुरावा मावळतो. त्यामुळे ठसे पुसण्याऐवजी त्यांचे परकेपण नाहीसे होणे, हे या विचाराचे वैशिष्ट्य होय.

४.५ पारिभाषिक शब्द

त्रिपुटी : द्रष्टा, दृश्य व दर्शन यांचा समूह.
संस्कार : अनुभव वा क्रिया संपल्यावर मागे राहणारा परिणाम.
वासना : चित्तात वास करून राहिलेला संस्कार.
वस्तुप्रभा : मूळ वस्तूचा स्वतःचा प्रकाश.
चिद्विलास : विश्व हा चैतन्याचा आविष्कार आहे, असे मत.
जीवन्मुक्त : देहात असतानाच मुक्त झालेला.

४.६ स्वयं-अध्ययन प्रश्नांची उत्तरे

प्रश्न १ : (अ) ६५ (आ) त्रिपुटी (इ) अज्ञानखंडन
प्रश्न २ : (अ) वेग, स्थितिस्थापक आणि भावना हे तीन प्रकार होत. (आ) अलात म्हणजे जळते कोलीत. (इ) अज्ञानाला ज्ञानात किंवा ज्ञानाबाहेर कोठेही राहता येत नाही, हे सिद्ध होते.

४.७ सरावासाठी स्वाध्याय

(१) आरशाच्या दृष्टांताच्या आधारे ‘चांगदेव पासष्टी’तील त्रिपुटीविचार स्पष्ट करा.
(२) ‘ज्ञान हा अज्ञानाचा शेवटचा ठसा आहे.’ ‘अमृतानुभवा’च्या संदर्भात या विधानाचे विवेचन करा.
(३) संस्काराविषयी पतंजली आणि ज्ञानदेव यांच्या भूमिकांची तुलना करा.
(४) टिपा लिहा : (अ) चिद्विलास (आ) अलाताचा दृष्टांत (इ) मिठाची मासोळी

४.८ क्षेत्रीय कार्य

घोरावडेश्वर किंवा आपल्या जवळच्या एखाद्या कोरीव लेण्यास भेट द्या. खडक, खांब आणि मूर्ती यांचा परस्परसंबंध पाहून देव, देऊळ व परिवार यांच्या दृष्टांतावर एक पानाचे टिपण लिहा. टिपणात आधी प्रत्यक्ष काय दिसले ते नोंदवा. त्याचा अर्थ त्यानंतर लावा.